खर्रात कुणाला म्हणायचं

हजेरी घेताना बाई माझ्या नावापुढे बापाचं आडनाव लावायच्या आणि मी ओ द्यायची नाही. पहिल्या बाकावर ढळढळीत बसलेली असायची, तरी गैरहजर. वर्षभर असंच चाललं. एक दिवस बाईंनी वैतागून डस्टर फेकला. मी तो झेलला आणि परत फेकला. नेम चांगला लागला. शाळा सुटली ती तिथेच.

बाप मी रांगत असताना गेला. मेला नाही, गेला. त्याचं दुसरीकडे घर आहे, तिथे त्याचं आडनाव वापरायला माणसं आहेत. मला खर्रात हवं होतं. आईच्या माहेरचं. मी वाढले त्या घराचं आणि ज्या दुकानाच्या भुशात लोळत मोठी झाले त्या दुकानाच्या पाटीवरचं. नावनोंदणीच्या सरकारी ऑफिसात चौकशी केली तर कळलं, आईचं आडनाव लावता येतं, पण घर ज्याच्या नावावर आहे त्याने समोर येऊन हो म्हणायला हवं. घर मामाच्या नावावर.

मामाकडे विषय काढला की तो लेथ चालू करायचा. मोटरच्या घरघरीत काही ऐकू येत नाही, हे त्याला सोयीचं.

"मामा, ऑफिसात येतोस ना माझ्याबरोबर?"

"काय? मोठ्याने बोल!"

मी जाऊन मेन स्विच पाडला.

"नाव काय उसनी वाटी आहे का गं?" मामा कानातला कापूस काढत म्हणाला. "मागितली की द्यायची, घासून परत करायची? सात पिढ्या चालत आलंय. बापाकडून मुलाकडे. माझ्या बापाकडून मला. तुला तुझ्या बापाचं मिळालंय, मी त्याला काय करू?"

"बाप कुठाय ते सांग, जाऊन परत देऊन येते."

"पोरगी मुद्द्याचं बोलतेय!" समोरचा वेल्डर काळा चष्मा वर करून ओरडला. त्याला आमची भांडणं फुकटात लागतात.

"तू तुझं ग्रील बघ!" मामाने स्विच वर केला. संपलं बोलणं.

मामा वाईट माणूस नाही. सायकल मला त्यानेच शिकवली, गुडघा फुटला तेव्हा माझ्याआधी तोच रडला. पण आडनावावर आला की त्याची छाती दोन बोटं पुढे यायची. पाहुण्यांना सांगायचा, आमचं मूळ नाव अरबी, फार जुनं घराणं. अरबी आमच्या घरात कुणाला म्हणून येत नाही. आजोबांना धंद्यातले चार शब्द येतात तेवढेच.

खर्रात म्हणजे कातारी, लेथवर लाकूड गोल करणारा, एवढं आम्हाला सगळ्यांनाच ठाऊक होतं. मामाचं दुकान त्याचंच. पलंगाचे पाय, खुर्चीचे पाय, जिन्याचे कठडे, हातोड्यांचे दांडे. पुढे इलेक्ट्रिकचा लेथ, आणि मागच्या अंगाला, खिडकीखाली, आजोबांची जागा. जमिनीवर एक गोणपाट, त्यासमोर दोन ठोकळे, ठोकळ्यांत दोन लोखंडी टोकं. त्या टोकांमध्ये लाकडाचा तुकडा धरायचा. कमानीची दोरी तुकड्याला एक वेढा देऊन गुंडाळायची. उजव्या हाताने कमान पुढेमागे ओढली की लाकूड गरागरा फिरतं. डाव्या हातात पटाशीचा दांडा, आणि पटाशीचं पातं लाकडावर टेकवून धरायचं ते उजव्या पायाच्या बोटांनी. हो, पायाच्या. आमचा अंगठा बाकी लोकांच्या अंगठ्यापेक्षा जास्त कामाचा.

मामा लहानपणी शिकायला बसला होता म्हणे. त्याच्या वर्गातली पोरं एकदा खिडकीतून बघून गेली आणि दुसऱ्या दिवशी शाळेत सगळ्यांनी त्याला पायाने पेन्सिल धरून दाखवायला सांगितली. माकड म्हणाले. तो गोणपाटावरून उठला तो कायमचा. मोठा झाल्यावर पहिल्या कमाईत त्याने मोटरचा लेथ आणला.

मी मात्र शाळा सुटल्यापासून तिथेच बसायची. बाकावर मला बसवत नाही, खुर्चीवर बसवत नाही, पण गोणपाटावर दोन्ही हात आणि एक पाय कामाला लागला की माझं डोकं गप्प होतं. आजोबांचे हात आता थरथरतात. ते बोलायचे, मी ओढायची. गल्लीतल्या पोरांसाठी भोवरे करायची. एवढंच येत होतं मला तेव्हा.

आणि मग डॉक्टरीणबाई आल्या.

त्यांनी मोठ्या रस्त्यावरचं एक जुनं दुमजली घर घेतलं होतं, बाळंतपणाचा दवाखाना काढायला. त्या घराला रस्त्याच्या बाजूने पुढे आलेली लाकडी जाळीची खिडकी आहे. बारीक बारीक कातलेले मणी, त्यांच्यात बसवलेल्या छोट्या दांड्या, सगळी भिंतभर. आतून रस्ता दिसतो, रस्त्यावरून आतलं काही दिसत नाही. म्हणून तर बाईंनी ते घर घेतलं. बायकांना उजेड मिळेल, वारा मिळेल आणि कुणी डोकावणार नाही. खालचा एक भाग ट्रकने तोडला होता. तो मामाने नवा करून दिला. लेथवर सगळे तुकडे एका मापाचे काढले, पांढऱ्या गोंदाने चिकटवले, पॉलिश मारलं. दिसायला नवरीसारखा.

तोच भाग आता दोन माणसांनी चादरीत गुंडाळून परत आणला. चादर उघडली तर आत निम्मे मणी चिरलेले, दांड्या सटकलेल्या, चौकट फुगून वाकडी.

"रोज सकाळी रस्ता धुणारा टँकर येतो," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. आवाज चढवत नव्हत्या, तेच जास्त लागत होतं. "त्याचा फवारा या खालच्या भागावर बसतो. मग दिवसभर ऊन. एकदा तर माझ्यासमोर टणकन मणी उडाला. बाळंतिणीच्या अंगावर उडाला असता म्हणजे?"

"पाण्यात टिकणारा गोंद येतो ना बाई, त्याने पुन्हा..."

"नको. पत्रा ठोकून घेते तिथे. उद्घाटन महिन्यावर आलंय."

पत्रा! मामाचं तोंड एवढंसं झालं. आमच्या कामाच्या जागी पत्रा, तोही भर रस्त्यावर, येणाऱ्या जाणाऱ्याने बघावा असा.

मी खाली बसून तो भाग बघत होते. एका कडेला जुन्या जाळीचे थोडे तुकडे अजून तसेच होते. मी बोट लावलं. जुने तुकडे हलत होते. किंचित, पडायला आलेल्या दुधाच्या दातासारखे. मामाचे तुकडे दगडासारखे गच्च, आणि फुटलेले सगळे तेच.

"जुने बघ, हलतात," मी म्हटलं. "यांना गोंद लागलेलाच नाही कधी. तुझे हलत नाहीत म्हणून फुटले."

मागून आजोबांचा आवाज आला. "गोंद लावलास?"

मामाने चादरीची कड सरळ केली.

"जाळीला?" आजोबा भिंतीला धरून उठले. कुणी चहात मीठ टाकल्यावर विचारावं तसं विचारत होते. "अरे, लाकूड पाणी पिणार, फुगणार. उन्हात पुन्हा बारीक होणार. त्याला हलायला जागा नको? खुंटी भोकात नुसती बसवायची. एकाने दुसऱ्याला धरायचं, चौकटीने सगळ्यांना धरायचं. खिळा नाही, गोंद नाही."

"तसं आता कोण करतं?" मामा म्हणाला. "तुमचे हात चालत नाहीत. लेथच्या तुकड्यांना गोंदाशिवाय धर नाही. सगळे एका मापाचे, आणि या जुन्या चौकटीत एक भोक दुसऱ्यासारखं नाही."

"मी करते," मी म्हटलं.

वेल्डर ग्रील सोडून रस्ता ओलांडून आला होता. तो हसला. मामाही हसला.

"भोवरे करून झाले वाटतं?"

माझा पारा चढला की मला आधी कानात गरम होतं. झालं. "मी करते म्हटलं ना! टिकली तर तू ऑफिसात येऊन हो म्हणायचंस. सगळ्यांसमोर. फुटली तर मी बापाचं आडनाव लावीन, आणि पुन्हा जन्मात तुझ्याकडे नाव काढणार नाही."

"अगं ए..." आई माजघरातून हात पुसत बाहेर आली होती. आईने खालचा ओठ दातात धरला. तिला माहीत होतं बापाचं आडनाव लावणं माझ्यासाठी काय आहे.

"चालेल," मामा म्हणाला. "ठरलं. साक्षीला हा वेल्डर."

"मला चालेल की नाही हे कुणी विचारलंच नाही," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. पण बघत माझ्याकडे होत्या. "उद्घाटनाच्या आदल्या दिवशी सकाळी बसवायची. टँकर येतो त्याच्या आधी. नाही जमलं तर पत्रा. तुझं नाव काय गं?"

"तेच तर ठरायचंय," मी म्हटलं.

दुसऱ्या दिवसापासून मी बसले. भोवरा आणि जाळीचा मणी यात किती अंतर आहे ते मला पहिल्या तासात कळलं. भोवरा जाडजूड, चुकला तरी फिरतो. इथे मणी बोराएवढा, त्याला चारी बाजूंनी भोकं, आणि दांडीच्या दोन्ही टोकांना खुंट्या, त्या भोकात सैल नाही आणि घट्ट नाही अशा बसायला हव्यात. कमान ओढली की लाकूड एकदा आपल्याकडे फिरतं, एकदा उलटं. कापायचं फक्त आपल्याकडे येताना.

"येताना काप, जाताना थांब," आजोबा म्हणायचे. "जातानाही कापायला गेलीस की पटाशी उसळणार."

थांबणं! मला! मी जातानाही दाबायची आणि पटाशी उसळून खुंटी उडायची. आजोबांनी फुटक्या खुंट्या गोणपाटाच्या कडेला रांगेत लावायला सुरुवात केली. काही बोलायचे नाहीत, नुसते लावायचे. ते जास्त झोंबायचं. एका दुपारी, बरे झालेले मणी वाटीत जमत आले होते आणि एकामागून एक खुंट्या मोडायला लागल्या, तेव्हा मी ती वाटीच भिंतीवर आपटली. मणी दुकानभर उड्या मारत गेले. एक रस्त्यावर वेल्डरच्या पायाशी गेला.

"हा माझ्याकडे आला बरं का!" तिकडून आवाज आला. "भाडं लागेल!"

मी रडत नव्हते. नाक वाहत होतं नुसतं. आजोबांनी मला ओरडावं म्हणून मी वाट बघत होते. त्यांनी कोपऱ्यात पडलेल्या सरपणातली एक हिरवी काटकी उचलली, पानं असलेली.

"खर्रात म्हणजे काय?"

"कातारी. माहितीये मला."

"ते धंद्याचं झालं. शब्द कशाचा?" त्यांनी काटकीचा शेंडा डाव्या हातात धरला, उजव्या हाताची मूठ शेंड्याशी वळली आणि सर्रकन खाली ओढली. सगळी पानं मुठीत आली. काटकी नागडी. "हे. याला तिकडे, अरबीत, खरत म्हणतात. मुठीत धरून ओढायचं आणि जे नको ते निघून यायचं. आधी झाडाची पानं अशी ओढायचे, मग लाकूड कातायला तोच शब्द लागला. जो नको ते काढून टाकतो तो खर्रात. तू नको तेही फेकतेस आणि हवं तेही फेकतेस."

मी खाली बसले आणि मणी वेचायला लागले. तेही माझ्याबरोबर वेचायला लागले, गुडघे टेकून.

"आजोबा, सात पिढ्यांपूर्वीचा पहिला कोण होता?"

"मामाने सांगितलं नाही तुला?"

"जुनं घराणं, एवढंच."

आजोबा हसले. दात नसलेलं हसू, आवाज न करता खांदे हलवत. "माझ्या बापाने मला सांगितलेलं सांगतो. पहिला एका वखारीत सापडला. एवढासा पोर. लाकडाच्या थप्पीमागे झोपलेला. कुणाचा, कुठला, काही सांगता येईना. तिथे एक म्हातारा कातारी होता, त्याच्याजवळ बसायला लागला. बसता बसता शिकला. आता तिकडे माणसाची ओळख कशी, तर अमक्याचा मुलगा तमका. याला अमका कोण तेच माहीत नाही. लोक विचारायचे, कुणाचा रे तू? हा गप्प. मग लोकांनी कुणाचा हे विचारायचं सोडलं आणि काय करतो ते नावाला लावलं. लोखंडाचं काम करणारा हद्दाद, सुताराचं काम करणारा नज्जार, कपडे शिवणारा खय्यात, रंगवणारा सब्बाग. तसा हा खर्रात. त्याच्या पोरांना ते आयतं मिळालं. त्याला नाही. त्याला बापाकडून काहीच मिळालं नव्हतं."

माझ्या हातातले मणी हातातच राहिले.

"मग मामा सात पिढ्या सात पिढ्या करतो ते?"

"त्याने मला विचारलंच नाही कधी. विचारायच्या वयात तो दुसरीकडे तोंड करून बसला होता. आणि लग्न जमवायला सात पिढ्या बऱ्या वाटतात, वखारीतला पोर बरा वाटत नाही."

तेव्हा माझ्या लक्षात आलं की दुकानात शांतता आहे. पुढचा लेथ बंद होता. मामा पाठ करून उभा होता, हातात पलंगाचा अर्धा झालेला पाय. कधीपासून बंद होता कोण जाणे. मी बघतेय हे कळल्यावर त्याने एकदम चालू केला.

त्यानंतर मी थांबायला शिकले असं म्हणणार नाही. पण माझ्या उजव्या पायाला ते कळायला लागलं. अंगठ्याला फोड आला, फुटला, कातडी जाड झाली, आणि मग एक दिवस पटाशी अंगठ्याखाली अशी बसली जसा तिथे तिच्यासाठी खळगाच होता. येताना काप. जाताना नुसतं टेकून रहा. सर्र, थांब, सर्र, थांब. लाकडाचा कीस सुतासारखा निघून माझ्या घोट्यावर साठायला लागला. आजोबांनी फुटक्या खुंट्यांची रांग पायाने सारून चुलीत टाकली.

चौकटीतलं प्रत्येक भोक वेगळं होतं, मामा म्हणाला ते खरंच होतं. ज्याने ती जुनी जाळी केली त्यानेही प्रत्येक खुंटी तिच्या भोकासाठीच कातली असणार. मी तेच केलं. खुंटी कातायची, भोकात घालून बघायची, पुन्हा टोकांमध्ये धरायची, केसभर काढायची. लेथवर हे होत नाही. लेथला भोक दिसत नाही.

मामा चहा प्यायला उगीच मागे यायचा. कप हातात धरून उभा राहायचा, चहा संपला की परत जायचा. एकदा म्हणाला, "पाठ दुखत असेल."

"नाही दुखत."

"बरं." गेला. दुसऱ्या दिवशी गोणपाटाखाली एक जाड सतरंजी घडी करून ठेवलेली होती. मी कुणी ठेवली विचारलं नाही. त्यावर बसले.

बसवायच्या दिवशी सकाळी आम्ही हातगाडीवरून जाळी नेली. आजोबा रिक्षाने. आई, मामा, मी आणि वेल्डर चालत. वेल्डरला कुणी बोलावलं नव्हतं. तो म्हणाला, साक्षीदाराशिवाय पैज कशी मोजणार?

डॉक्टरीणबाई पायरीवर उभ्या होत्या. मी जाळी जागेवर सरकवली. वरच्या जुन्या भागाला ती जुळली तेव्हा रस्त्यावरून बघणाऱ्या एकाने विचारलं, "तुटलेली कुठली यातली?" माझा जीव तिथेच अर्धा भांड्यात पडला. अर्धाच.

मामाने तळवा लावून जाळी हलवली. ती हलली. खडखड असा बारीक आवाज आला.

"सैल आहे," तो म्हणाला. चेष्टेने नाही, काळजीने. "बाई, ही सैल आहे."

"सैलच हवी," मी म्हटलं.

"लोक हात लावणार, पोरं लटकणार..."

तेवढ्यात कोपऱ्यावरून टँकर वळला. रोजचा, पिवळा, खालून दोन्ही बाजूंना पाणी उडवत. ड्रायव्हरने आमची गर्दी बघितली आणि शहाण्यासारखा फवारा बंद केला.

मी रस्त्याच्या मधोमध जाऊन उभी राहिले.

"चालू करा!"

"काय?"

"फवारा! या जाळीवर मारा. सगळा मारा!"

"ए बाई, नवं काम दिसतंय. परवा या डॉक्टरीणबाईंनी माझे आईबाप काढलेत. मी नाही बाबा."

मी मागे वळून बघितलं. आई तोंडावर हात ठेवून उभी. मामाच्या कपाळावर घाम. डॉक्टरीणबाईंनी माझ्याकडे बघितलं, जाळीकडे बघितलं, आणि साडीचा पदर खोचून दोन पायऱ्या वर सरकल्या.

"मारा," त्या म्हणाल्या.

ड्रायव्हर मजेत आला. त्याने टँकर मागे घेतला, बाजूचा नळ पूर्ण सोडला. पाण्याचा लोट जाळीवर आदळला. प्रत्येक भोकातून पाणी आत, प्रत्येक मण्यावरून पाणी खाली. आम्ही सगळे भिजलो. वेल्डर तर अंघोळ झाल्यासारखा, आणि शिव्या देत हसत होता. पाणी थांबलं तेव्हा जाळी काळीभोर झाली होती आणि ठिबकत होती.

मग ऊन वर आलं.

कुणी घरी गेलं नाही. डॉक्टरीणबाईंनी आतून बाकडी आणवली, चहा आणवला. ज्यांचं काही काम नव्हतं ती माणसंही थांबली, आणि ज्यांचं होतं त्यांनी ते पुढे ढकललं. मी चहा घेतला नाही. मी जाळीसमोर फुटपाथवर बसले होते.

आधी लाकूड फुगलं. खडखड बंद झाली. मामाने पुन्हा तळवा लावला तर जाळी गच्च, भिंतीसारखी. त्याने माझ्याकडे बघितलं. मी मान हलवली, अजून नाही. ऊन सरळ तिच्यावर आलं आणि लाकूड वाळायला लागलं, आणि तेव्हा ती बोलायला लागली. कुर्र. टक. कुर्र. एकेका मण्यातून आवाज. एक टक एवढ्या जोरात झाला की आई उठून उभी राहिली. माझी नखं तळव्यात रुतली होती. आता एक मणी उडाला की संपलं, मी जन्मभर हजेरीला त्या माणसाच्या नावाने ओ देणार.

टक. कुर्र.

मग काही नाही.

बराच वेळ काही नाही. लाकडाचा रंग काळ्याचा तपकिरी झाला, तपकिरीचा सोनेरी. आजोबा बाकड्यावरून उठले, काठी टेकत गेले, एका बोटाने एक मणी ढकलला. तो किंचित हलला. पडायला आलेल्या दातासारखा. त्यांनी दुसरा ढकलला, तिसरा, कडेकडेने सगळ्या जाळीवर बोट फिरवत गेले, आणि मग डॉक्टरीणबाईंकडे वळून म्हणाले, "आता ढकला तुम्ही. जोरात."

त्यांनी दोन्ही तळवे लावले आणि सगळं अंग टाकून ढकललं. बाळंतपणं करणारी बाई आहे, दंडात जोर आहे. जाळी बाकली, श्वास घेतल्यासारखी, आणि परत सरळ झाली. एकसुद्धा मणी निखळला नाही.

"पत्रेवाल्याला नको म्हणून सांगा!" त्या आतल्या माणसावर ओरडल्या, आणि रस्त्यावर असा गलका झाला की टँकरवाल्याने हॉर्न धरूनच ठेवला. वेल्डर मला उचलायला आला. मी त्याला लाथ मारली, तो तरी हसत होता. आई रडत होती. आईचं सोडा, ती जाहिराती बघूनही रडते. पण मामा रुमाल काढून नाक शिंकरत होता आणि सांगत होता, पाणी उडालं डोळ्यात, टँकरचं पाणी घाण असतं.

टँकरवाल्याने खाली उतरून विचारलं, "कुणी केलंय हो हे? आमच्या साहेबांच्या घरीही असली एक मोडलीये."

सगळ्यांनी मामाकडे बघितलं. दुकान त्याचं, पाटी त्याची. मामाने रुमाल खिशात घातला.

"ती बघा, फुटपाथवर बसलीये," तो म्हणाला. "खर्रात ती. मी तिचा मामा."

ऑफिसात आम्ही लगेच गेलो, कपडेही न बदलता. खिडकीमागच्या माणसाने चष्म्यावरून आमच्याकडे बघितलं. दोघांच्याही कपड्यांवर टँकरच्या पाण्याचे डाग वाळले होते.

"मुलीचे वडील?"

"नाहीत," मामा म्हणाला.

"वारले?"

"नाही. नुसते नाहीत."

"मग तुमचं आडनाव हिला द्यायचं कारण?"

"द्यायचं नाहीये. आहे तिचं. तुम्ही फक्त लिहायचं."

"अहो, कारण लिहावं लागतं. इथे जागा सोडलीये."

मामाने छाती पुढे काढली. मला वाटलं, आता सात पिढ्या येणार. "लिहा," तो म्हणाला. "लाकूड कातते."

तो माणूस लिहायला लागला. मी त्याच्या पेनाच्या टोकाकडे बघत होते. ख काढला, र्रा काढला, त काढला. मग त्याने मान न उचलता माझं अख्खं नाव मोठ्याने वाचलं, बरोबर आहे ना विचारायला.

"हजर!" मी ओरडले. रांगेतली माणसं दचकली.

बाहेर आल्यावर मामा झपाझप चालत होता. बुटात पाणी गेल्याने पचक पचक वाजत होतं.

"उद्या किती वाजता बसतेस मागे?" त्याने विचारलं.

"का?"

"साहेबांची जाळी मोठी असेल. एकटीला उरकायची नाही."

मी थांबले. तो चालतच राहिला, रस्त्याकडे बघत, कान लाल.

"मामा, तुला पायाने धरावी लागेल पटाशी."

"माहितीये."

"वेल्डर बघेल."

"बघू दे," मामा म्हणाला. मग चार पावलं पुढे जाऊन वळला. "मोजे काढून बसायचं ना? का घालून चालतात?"